लपायचं कुणाच्या डोळ्यांपासून?

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

श्रोतेहो, ‘खाकी’ हा शब्द आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की तो आला कुठून, असा प्रश्नही कुणाला पडत नाही. पोलिसाची खाकी, पोस्टमनची खाकी, शाळेतली खाकी चड्डी. फारसीत ‘खाक’ म्हणजे माती, धूळ. ‘घर जळून खाक झालं’ असं आपण म्हणतो, तीच ही खाक. बी.ए.ला मला फारसी होती, त्यामुळे असे शब्द भेटले की मी त्यांच्यापाशी जरा रेंगाळतो. आजचा विषय कपड्यांचा आहे, त्यातही डोळ्यांत न भरणाऱ्या कपड्यांचा. रानात, डोंगरात, पाणवठ्यावर वापरायचे कपडे, तंबू, पिशव्या, कॅमेऱ्याची खोळ यांच्यावर कोणते रंग आणि कशी नक्षी छापायची, म्हणजे समोरच्याची नजर त्यांच्यावरून घसरून पुढे जाईल? इंग्रजीत याला कॅमोफ्लाज म्हणतात. शब्द मुळात फ्रेंच. मराठीत ‘छद्मावरण’ असा एक जड शब्द आहे. मी आपला साधं ‘लपणं’ म्हणेन.

या लपण्याची अलीकडची गोष्ट धुळीपासूनच सुरू होते. १८४६ साली पेशावरला हॅरी लम्सडेन नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने ‘गाइड्स’ हे पथक उभारलं. गोऱ्या शिपायाचा डगला तेव्हा लाल असे. सरहद्दीच्या भुऱ्या, उघड्या डोंगरात लाल डगला म्हणजे नेमबाजाची आयती सोय. लम्सडेनने आपल्या माणसांना धुळीच्या रंगाचे सैल कपडे दिले. पुढे १८५७ च्या धामधुमीत कितीतरी पलटणींनी आपले पांढरे ड्रिलचे कपडे हाताला लागेल त्यात बुडवून काढले, चहात, शाईत, तुतीच्या रसात. एकाच्या सदऱ्याचा रंग दुसऱ्याच्या सदऱ्याशी जुळत नसे. रंगरेजाने असं काम गिऱ्हाइकाला दिलं असतं तर जोडे खाल्ले असते. पण लढाईत ते चाललं.

रंगरेजाचं नाव काढलं, कारण आमचं घराणं त्याच धंद्यातलं. आजोबा, म्हणजे आमचे दादामियाँ, लुगडी रंगवत आणि लाकडी ठशांनी जाजम छापत. अब्बा एका प्रोसेस हाउसात स्क्रीन प्रिंटिंगला होते. मी त्या वाटेने गेलो नाही; माझा पुतण्या गेला. चार वर्षांपूर्वी त्याच्याकडे एक चमत्कारिक मागणी आली. चंद्रपूरकडचे काही पक्षी-छायाचित्रकार होते. राखीव जंगलाबाहेरच्या तळ्यांवर, बोड्यांच्या काठी, शेताच्या बांधावर ते तासन्‌तास बसतात. त्यासाठी कापडाचा एक छोटा आडोसा लागतो, त्याला ते ‘हाइड’ म्हणतात. त्या हाइडसाठी त्यांना कापड छापून हवं होतं. मोसम मार्च ते जून, रान सागाचं आणि बांबूचं. पुतण्या मला म्हणाला, “चाचा, बाजारात फौजी छाप तयार मिळतो. तोच मारून देऊ का?” मी म्हटलं, “थांब जरा.” त्या थांबण्यात मी जे वाचलं आणि त्याच्या टेबलाशी उभं राहून जे पाहिलं, ते आज तुम्हांला सांगतो.

पहिला विचार सगळ्यांच्या मनात एकच येतो. रान ज्या रंगाचं, त्या रंगाचं कापड घ्यावं. हे चुकीचं नाही, पण अर्धंच आहे. सागाच्या वाळक्या पानासारखा तपकिरी शर्ट घालून माणूस झाडाखाली उभा राहिला तरी तो माणूसच दिसतो. का? एक तर प्रकाश वरून पडतो. खांदे उजळतात, पोटाकडचा भाग सावलीत जातो, आणि त्या उजेड-सावलीवरून डोळा ओळखतो की ही सपाट पाचोळ्याची जमीन नाही, ही उभी राहिलेली गोल, भरीव वस्तू आहे.

ही गोष्ट नीट मांडली ती एका चित्रकाराने. ॲबट थेअर हा अमेरिकन चित्रकार पंखवाल्या देवदूतांची चित्रं काढण्यासाठी प्रसिद्ध होता. १८९६ मध्ये त्याने पक्षिशास्त्राच्या एका नियतकालिकात लेख लिहिला. त्याचं म्हणणं असं की, बहुतेक प्राण्यांची पाठ गडद आणि पोट फिकं असतं ते उगाच नाही. ऊन पाठ उजळवतं आणि पोट काळवंडवतं, निसर्ग रंग बरोबर उलटा भरतो, दोन्ही मिळून हिशेब शून्य होतो आणि प्राण्याचा भरीवपणाच नाहीसा होतो. पक्षितज्ज्ञांच्या सभेत त्याने हे कशावर दाखवलं असेल? रताळ्यांवर. तारेवर जमिनीपासून थोडी उंच बसवलेली रताळी, काही सगळीकडून मातीच्या रंगाची आणि काही वरून गडद, खालून फिकी रंगवलेली. खालून फिकं रंगवलेलं रताळं काही पावलांवरून दिसेनासं झालं. आपलं चितळ आठवा, वरून तांबूस आणि पोटाखाली पांढरं. तोच हिशेब.

थेअर पुढे फारच वाहवत गेला. १९०९ च्या पुस्तकात त्याने असंही सांगितलं की रोहित पक्षी गुलाबी असतो तो पहाटेच्या आणि संध्याकाळच्या आभाळात मिसळून जावा म्हणून. थिओडोर रूझवेल्ट स्वतः शिकारी. त्यांनी या मताची जाहीर चिरफाड केली. एखाद्या कवीला एक चांगली उपमा सापडली की तो तीच सगळीकडे लावत सुटतो, त्यातला हा प्रकार. पण रताळ्याची गोष्ट खरीच होती, ती टिकली.

दुसरं कारण याहून महत्त्वाचं आहे. डोळा आधी रंग पाहत नाही, तो कड शोधतो. खांद्याची कड, डोक्याची गोलाई, दोन पायांमधली फट. ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ ह्यू कॉट याने १९४० च्या आपल्या ग्रंथात हे फार बारकाईने दाखवलं. त्याचा आवडता दाखला बेडकाचा. काही बेडकांच्या मांडीवर, पोटरीवर आणि पावलावर वेगवेगळे पट्टे असतात. बेडूक पाय दुमडून बसला की ते पट्टे एकमेकांना असे जुळतात की मांडी कुठे संपली आणि पोटरी कुठे सुरू झाली ते कळतच नाही. पाय म्हणून काही उरतच नाही, उरतो एक आडवा गडद डाग. महायुद्धात याच कॉटने दोन मोठ्या तोफा रंगवून दाखवल्या होत्या, एक नेहमीच्या लष्करी पद्धतीने आणि एक आपल्या पद्धतीने. विमानातून काढलेल्या फोटोत पहिली लगेच सापडे, दुसरी शोधावी लागे.

कडेचं हे म्हणणं खरं आहे की नुसतं बोलणं, हे इंग्लंडातल्या ब्रिस्टलच्या संशोधकांनी २००५ मध्ये पक्ष्यांनाच विचारलं. त्यांनी कागदाचे त्रिकोणी पतंग केले, त्यांच्याखाली मेलेली अळी लावली आणि ते झाडांच्या खोडांवर टोचले. रंग सगळ्यांवर खोडाचेच. फरक एवढाच की काहींवर डाग थेट कडेपर्यंत जाऊन कडेने कापले गेलेले, आणि काहींवर डाग कडेच्या आत. कडेला भिडणारे डाग ज्यांच्यावर होते ते जास्त वाचले. बाकीच्यांच्या अळ्या पक्ष्यांनी आधी खाल्ल्या.

आता हे शिंप्याच्या भाषेत सांगतो. चौकड्याचा शर्ट शिवताना चांगला शिंपी खिशाची चौकट शर्टाच्या चौकटीशी बरोबर जुळवतो. ती त्याची कारागिरी. लपायच्या कपड्यात खिशावरून, शिवणीवरून, बाहीवरून अंगावर डाग असाच अखंड वाहत गेला पाहिजे. नाहीतर खिशाची चौकोनी कड उठून दिसते आणि चौकोन ही वस्तू रानात कुठेच नसते. तीच गोष्ट पट्ट्याची, पाठीवरच्या सॅकची, ट्रायपॉडच्या तीन सरळ पायांची. सरळ रेघ दिसली की डोळा थबकतो. माझ्या मते कपड्यापेक्षा सामानाकडे जास्त लक्ष द्यायला हवं. पण लोक नेमकं उलट करतात. सदरा महागाचा आणि ट्रायपॉड चकचकीत.

छापील कापडाचा इतिहासही सामानापासूनच सुरू होतो, ही एक मजा. पहिल्या महायुद्धात फ्रेंचांनी १९१५ मध्ये चित्रकारांचं वेगळं दलच उभं केलं आणि सरड्यासारखा कॅमेलिऑन हे त्याचं चिन्ह. पण तेव्हाचं बरंचसं काम हाताने रंगवण्याचं होतं. १९२९ मध्ये इटलीने आणि १९३१ मध्ये जर्मनीने डागांची नक्षी कापडावर छापायला सुरुवात केली ती तंबूच्या कापडावर. शिपायाच्या अंगावर ती नंतर चढली. ब्रिटिशांनी दुसऱ्या महायुद्धात छत्रीधारी सैनिकांच्या डगल्यांवर सुरुवातीला चक्क मोठ्या ब्रशने फटकारे मारले.

आणि इथे आमच्या धंद्याचा खरा प्रश्न येतो. ब्रशचा प्रत्येक फटकारा वेगळा असतो. छाप मात्र पुन्हा पुन्हा येतो. दादामियाँच्या जाजमावर एक कुयरी वीतभर अंतराने पुन्हा पुन्हा यायची आणि बघणाऱ्याला तेच सुख वाटायचं. गोल फिरणाऱ्या रोटरी स्क्रीनचा घेर साधारण ६४ सेंटिमीटरचा असतो, म्हणजे तेवढ्या अंतराने तोच डाग परत आलाच. रानात मात्र कुठलीच गोष्ट मोजून पुन्हा येत नाही. दहा हात लांब कापड झाडाला ताणलं की डोळा दोन क्षणांत तो ठेका पकडतो आणि एकदा पकडला की मग सोडत नाही. पुतण्याचं काम टेबलावरचं, हाताच्या स्क्रीनचं. त्याने एक युक्ती केली. नक्षीच्या चारही कडा अशा जुळवल्या की स्क्रीन उलटी फिरवून ठेवली तरी सांधा बसावा, आणि मग मनाला येईल तशी कधी सुलटी, कधी उलटी ठेवत गेला. कामगार वैतागले. आयुष्यभर एका दिशेने छापलेलं, आता हे काय? पण ठेका मोडला.

आता अमेरिकेतल्या शिकाऱ्यांकडे येऊ, कारण हौशी लोकांसाठी अशा कपड्यांचा मोठा बाजार उभा राहिला तो तिथे. आधी ते लष्कराचेच जुने कपडे वापरत. १९८० च्या सुमारास जिम क्रमली नावाच्या धनुर्धारी शिकाऱ्याने झाडाच्या सालीची नक्षी काढली. १९८६ मध्ये मिसिसिपीतला टॉक्सी हास पिशवीत पाला, काटक्या आणि माती भरून कापड गिरणीत गेला आणि म्हणाला, मला हे छापून द्या. त्याच वर्षी जॉर्जियाच्या बिल जॉर्डनने घरासमोरच्या ओकचं खोड समोर ठेवून आपली नक्षी काढली. या नक्ष्या पुढे इतक्या हुबेहूब होत गेल्या की पान तोडून घ्यावंसं वाटावं. शिरा, सावली, सालीवरचं शेवाळ, सगळं.

हातभर अंतरावरून हे कापड पाहताना मी थक्क होतो. पण तीस-चाळीस पावलं मागे जा. बारीक पानं, बारीक काड्या, बारीक सावल्या एकमेकींत विरघळतात आणि तिथे उरतो एक गडद, माणसाच्या आकाराचा गोळा. म्हणजे शर्ट एकरंगी घातल्यासारखाच. मग एवढी मेहनत कुणासाठी? दुकानात कापड हातात घेऊन बघणाऱ्या गिऱ्हाइकासाठी. हरणाने कधी दुकानात येऊन शर्ट घेतलेला नाही. कवितेतही हे आम्ही पुष्कळ करतो, संमेलनातल्या पहिल्या रांगेसाठी लिहितो.

या अंतराच्या प्रश्नाचं उत्तर अमेरिकी लष्करातल्या टिमोथी ओ’नील या अधिकाऱ्याने १९७६ मध्ये शोधलं. त्याने एका चिलखती गाडीवर दोन-दोन इंची चौकोनांनी रंग भरला. लांबून पाहिलं की चौकोन एकमेकांत मिसळून मोठे डाग होत आणि गाडीचा आकार मोडत. जवळून पाहिलं की चौकोन पानापाचोळ्याच्या बारकाव्यासारखे वाटत. एकाच नक्षीत दोन मापं. लांबच्या डोळ्यासाठी मोठं, जवळच्यासाठी लहान. पुढे कॅनडाने आणि २००२ पासून अमेरिकी मरीन दलाने याच विचारावर चौकोनी ठिपक्यांचे गणवेश काढले. लोक त्याला ‘डिजिटल’ म्हणू लागले आणि घोटाळा तिथेच झाला. लोकांना वाटलं, जादू त्या चौकोनांतच आहे.

२००४ मध्ये अमेरिकी भूदलाने एकच गणवेश सगळीकडे चालावा म्हणून एक नक्षी जाहीर केली. वाळवंट, शहर, जंगल, सगळ्यांना एकच. रंग राखाडी, फिकट हिरवट आणि वाळूचा, तिन्ही एकमेकांच्या जवळचे. गडद रंग त्यात जवळजवळ नाहीच, ठिपके लहान. चौकोन होते, पण लांबून मोठे डाग तयार होतच नव्हते. थोड्या अंतरावरून सगळं मिसळून एक फिकट, माणसाएवढा आकार दिसे. अफगाणिस्तानच्या तांबड्या-तपकिरी डोंगरांत आणि हिरव्या खोऱ्यांत तो उठून दिसे. तिथे समोरचा माणूस छायाचित्रकार नव्हता. सैनिकांच्या तक्रारी वाढल्या, २००९ मध्ये अमेरिकी काँग्रेसने लष्कराला याबाबत पावलं उचलायला लावली आणि २०१० पासून अफगाणिस्तानात जाणाऱ्यांना दुसरी नक्षी देण्यात आली. जुनी पूर्णपणे हटायला २०१९ उजाडलं. मला यात राग कशाचा येतो सांगू? सगळीकडे चालेल असं काही हवं, या हट्टाचा. मिठाचा एक खडा सगळ्या भाज्यांत चालतो म्हणून कुणी तेवढ्यावर स्वयंपाक करत नाही.

श्रोतेहो, आतापर्यंत आपण माणसाच्या डोळ्याबद्दल बोलत होतो. पुतण्याच्या गिऱ्हाइकांना लपायचं होतं ते पक्ष्यांपासून आणि हरणांपासून. त्यांचा डोळा निराळा.

आपल्या डोळ्यांत रंग ओळखणाऱ्या पेशी तीन प्रकारच्या असतात. हरणाच्या डोळ्यांत दोनच. त्याला निळा दिसतो, पिवळा-हिरवा दिसतो; लाल आणि नारिंगी मात्र हिरव्यापासून वेगळे काढता येत नाहीत. १९९२ मध्ये जॉर्जिया विद्यापीठात पांढऱ्या शेपटीच्या हरणांवर यासंबंधीचं काम झालं. म्हणून अमेरिकेतला शिकारी भडक नारिंगी बंडी घालून बसतो. दुसऱ्या शिकाऱ्याला तो मैलावरून दिसतो आणि हरणाला तो झुडपासारखाच. एकापासून लपायचं आणि दुसऱ्याला दिसायचं, ही दोन्ही कामं एकच कापड करतं.

आता ताडोबातल्या वाघाकडे पाहा. सुक्या हिरव्या-पिवळ्या रानात नारिंगी प्राणी! आपल्याला वाटतं, याला लपायचं आहे की मिरवायचं आहे? ब्रिस्टलच्याच संशोधकांनी २०१९ मध्ये संगणकावर दोन रंगांच्या डोळ्याने वाघ पाहिला. नारिंगी वाघ हिरवट झाला आणि गवतात मिसळला. सस्तन प्राण्यांच्या केसांत हिरवा रंग तयारच होत नाही, त्यामुळे हिरवं होण्याचा हाच त्याला जमणारा मार्ग. चितळ आणि सांबर ज्याला झाडोरा समजतात तो वाघ असतो. वरून काळे पट्टे, कड मोडायला. पोट पांढरं, थेअरच्या रताळ्यासारखं.

पण याच रानात झाडावर वानर बसलेलं असतं. वानराचा डोळा आपल्यासारखा, तीन रंगांचा. त्याला वाघ नारिंगीच दिसतो, आणि तो उंचावरही असतो. वानर ‘खकर्’ करून ओरडलं की खाली चितळाचे कान उभे राहतात. चितळं वानरांच्या झाडाखाली चरतात त्याला पडलेली पानं-फळं हेही एक कारण आहेच. पण त्यांना एक उसना डोळाही मिळतो. वाघाचं इतकं देखणं कापड, आणि ते एका वानराने निकामी करावं! कुणाच्या डोळ्यांपासून लपायचं, हा प्रश्न वाघालाही पुरता सुटलेला नाही.

पक्ष्यांची गोष्ट आणखी पुढची. त्यांच्यात चौथ्या प्रकारच्या पेशी असतात, आणि आपल्याला न दिसणारा जांभळ्यापलीकडचा अतिनील प्रकाशही बऱ्याच पक्ष्यांना दिसतो. हरणालाही त्यातलं काही दिसतं, कारण आपल्या डोळ्याचं भिंग हा प्रकाश गाळून टाकतं, तसं त्याचं गाळत नाही. याचा संबंध थेट आपल्या धुण्याच्या बादलीशी आहे. जुन्या श्रोत्यांना टिनोपॉल आठवत असेल. धुतलेला सदरा शेवटच्या पाण्यात बुडवायचा की पांढरा शुभ्र झळके. ते पांढरेपण कसलं? ते द्रव्य अतिनील प्रकाश शोषतं आणि निळसर उजेड बाहेर टाकतं. आता ते बहुतेक धुण्याच्या पावडरींत आधीच घातलेलं असतं. म्हणजे हजारो रुपयांचा रानाच्या रंगाचा सदरा घ्यायचा, तो नेहमीच्या पावडरने धुवायचा आणि मग हरणासमोर निळसर चमकत बसायचं. त्याला निळा तर फारच छान दिसतो. मी पुतण्याला सांगितलं, तुझ्या कापडावर चिठ्ठी लाव, साध्या साबणाच्या वडीनेच धुवा.

२००८-०९ च्या सुमारास एका अमेरिकी कंपनीने ओ’नील आणि प्राण्यांच्या दृष्टीचे अभ्यासक जे नाइट्झ यांना एकत्र बसवून शिकाऱ्यांसाठी नक्षी करून घेतली. तिच्यात पान नाही, फांदी नाही. आपल्याला ती करड्या-तपकिरी ठिपक्यांचा पसारा वाटते, कारण ती आपल्यासाठी काढलेलीच नाही. हरणाला काय दिसतं, किती अंतरावरून, शिकारी जमिनीवर आहे की झाडावरच्या मचाणावर, हे आधी ठरवलं, मग रंग. झाडावर बसलेला माणूस आभाळाच्या पार्श्वभूमीवर दिसतो, त्याला फिकट रंग जास्त लागतात. माझ्या वाचनात आलेल्या सगळ्या प्रयत्नांत हा मला सर्वांत प्रामाणिक वाटला.

आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव कायद्यापासून शिकारीचा प्रश्न मिटला. राहिले छायाचित्रकार, पक्षिनिरीक्षक, अभ्यासक. त्यांनी एक गोष्ट पक्की लक्षात ठेवावी. लष्करी छापाचे कपडे घालू नयेत. जानेवारी २०१६ मध्ये पठाणकोटचे हल्लेखोर लष्करी गणवेशात आले होते. त्यानंतर लष्कराने नागरिकांना असे कपडे वापरू नका, विकू नका, असं आवाहन केलं. १५ जानेवारी २०२२ ला लष्कराने नवा लढाऊ गणवेश दाखवला, तो ‘निफ्ट’ या संस्थेच्या मदतीने तयार झालेला आहे आणि त्या नक्षीची नोंदणी लष्कराच्या नावावर आहे. परवानगीशिवाय ती छापणं बेकायदा आहे. पुतण्याला बाजारात तयार मिळत होता तो छाप असाच कुणाचा तरी उचललेला. गडचिरोली-चंद्रपूरच्या रानात फौजी कपड्यातला अनोळखी माणूस गावकऱ्याला कोण वाटेल आणि पोलिसाला कोण वाटेल, याचा विचार केला तरी पुरे. पक्ष्यापासून लपताना माणसाच्या डोळ्याला काय दिसतं ते विसरून चालत नाही.

तर आम्ही काय केलं? रंग तीन. सागाच्या वाळल्या पानाचा तपकिरी, धुळीचा फिका, म्हणजे आमचा खाकीच, आणि तिसरा जवळजवळ काळा, कारण मे महिन्याच्या उन्हात रानातली सावली काळीच असते. डाग मोठे, दीड-दोन वितींचे, आणि त्यांच्या कडा बारीक ठिपक्यांनी फाटलेल्या. कापड जाड सुती, चमक नसलेलं. पॉलिस्टर स्वस्त पडलं असतं. पण ते उन्हात चकाकतं आणि वाऱ्यात सळसळतं. कापडाला खालून फाटक्या कडा सोडल्या, जमिनीशी सरळ रेघ होऊ नये म्हणून. ट्रायपॉडच्या पायांना गुंडाळायला त्याच कापडाच्या पट्ट्या. आणि सॅकच्या आतल्या बाजूला नारिंगी अस्तर. वाट चुकली, पाय मुरगळला, तर सॅक उलटी करून फांदीला अडकवायची.

कापड कितीही चांगलं असो, आतला माणूस हलला की खेळ खलास. चेहरा आणि हात उघडे असले तर तेही लांबून चमकतात. मुरलेले छायाचित्रकार आणखी एक युक्ती करतात. आडोशात जाताना दोघं जातात आणि थोड्या वेळाने एकटा बाहेर येऊन लांब निघून जातो. पुष्कळ पक्ष्यांना वाटतं, आलेलं संकट गेलं.

पहिल्या वर्षी त्या छायाचित्रकारांनी साठ मीटर कापड नेलं, दुसऱ्या वर्षी पुन्हा मागवलं. एकाने सांगितलं, खंड्या आडोशाच्या काठीवरच येऊन बसला आणि आतल्या माणसाला फोटोच काढता येईना, इतका जवळ. पुतण्याने मग हौसेने थोडं जास्त छापलं आणि शहरातल्या एका दुकानात ठेवलं, हुबेहूब पानांच्या छापाशेजारी. गिऱ्हाईक येतं, पानांच्या छापावरून हात फिरवतं, आमचं कापड बोटांनी जरा उचलून बघतं आणि विचारतं, “हे धुऊन विटलेलं आहे का?”